क्रोमाप्रिंटची फाइल बसवली, तरी कॅसेटवरचा अभंग का ओळखला जात नाही?

फोंडा तालुक्यातील एका भजनी मंडळात पेटीची साथ करणाऱ्या गृहस्थांचा प्रश्न थोडक्यात असा आहे. मंडळाकडे अनेक वर्षांपासून साठलेल्या कॅसेटी त्यांच्या पुतण्याने संगणकावर उतरवून दिल्या. आता हार्ड डिस्कवर सुमारे ३,००० फायली आहेत आणि त्यांतील निम्म्यांहून अधिक फायलींना ‘ट्रॅक १’ किंवा ‘बाजू ब’ यापलीकडे नाव नाही. गाणे ऐकून आपोआप नाव शोधणारी एक प्रणाली त्यांनी बसवली, तेव्हा ‘क्रोमाप्रिंट डॉट डीएलएल सापडली नाही’ अशी तक्रार आली. मग त्यांनी एका फुकट डीएलएल देणाऱ्या ठिकाणाहून ती फाइल उतरवून घेतली आणि आता १२६ क्रमांकाची चूक दिसते. योग्य फाइल कोणती आणि ती बसवल्यावर अभंग कोणता, गायक कोण, हे संगणक सांगेल का, असे त्यांनी विचारले आहे.

दुसऱ्या भागाचे उत्तर आधी देतो, कारण त्यावर पहिल्या भागासाठी किती कष्ट घ्यावेत हे ठरते. बाजारात प्रसिद्ध झालेल्या ध्वनिमुद्रिकेची स्वच्छ प्रत असेल तर नाव मिळण्याची बरीच शक्यता आहे. मंडपात, देवळाच्या चौकात किंवा सप्ताहाच्या रात्री घरच्या टेपरेकॉर्डरवर मुद्रित केलेले गायन असेल तर मिळणार नाही, फाइल कितीही योग्य बसवली तरी. मात्र त्याच क्रोमाप्रिंटचा आपल्याला दुसरा, माझ्या मते अधिक मोलाचा उपयोग आहे. त्याकडे शेवटी येतो.

क्रोमाप्रिंट ही लुकाश लालिन्स्की यांनी लिहिलेली मुक्त लायब्ररी आहे. लायब्ररीची फाइल स्वतः चालत नाही; दुसरी एखादी प्रणाली तिला बोलावते आणि तिच्याकडून एकच काम करून घेते. विंडोजवर ती डीएलएल असते, मॅकवर डायलिब आणि लिनक्सवर ‘लिबक्रोमाप्रिंट डॉट एसओ डॉट १’ या नावाची. त्या कामाच्या मर्यादा ध्यानात घेतल्या की निम्मे घोटाळे मिटतात. ही लायब्ररी एमपी३ किंवा एम४ए फाइल उघडत नाही. तिला उलगडलेला कच्चा ध्वनी, म्हणजे १६ बिटांच्या नमुन्यांची रांग, नमुना-दर आणि वाहिन्यांची संख्या एवढेच द्यायचे असते. ती त्यावरून ठसा काढून परत देते. गाण्याचे नाव तिला ठाऊक नसते, इंटरनेटशी ती बोलत नाही आणि गाण्यांची कोणतीही यादी तिच्या पोटात नसते. बोटाचा ठसा घेणारी शाई आणि पोलिसांकडची ठशांची नोंदवही या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. क्रोमाप्रिंट ही शाई झाली. नोंदवहीचे काम अकूस्टआयडी ही सेवा करते. तेथे ठसा आणि फाइलचा कालावधी पाठवला की जुळणाऱ्या नोंदीचा क्रमांक मिळतो आणि त्या क्रमांकावरून म्युझिकब्रेन्झ या सार्वजनिक संग्रहातले नाव, गायक आणि अल्बम मिळतो.

आता १२६ क्रमांकाच्या चुकीविषयी. विंडोजमध्ये या चुकीचा मजकूर ‘मॉड्यूल सापडले नाही’ असा असल्यामुळे माणूस तीच फाइल पुन्हा पुन्हा उतरवून घेतो. प्रत्यक्षात पुष्कळदा ती फाइल जागेवरच असते आणि ती ज्या दुसऱ्या फायलींवर अवलंबून आहे त्यांपैकी एखादी नसते. क्रोमाप्रिंटला ध्वनीतील कंपनसंख्या वेगळ्या काढण्यासाठी फूरिये रूपांतर करणारी लायब्ररी लागते. बांधणी करणारा, म्हणजे मूळ संकेतावरून चालण्याजोगी फाइल तयार करणारा, त्यासाठी किसएफएफटी निवडू शकतो, ध्वनिफायली उलगडणाऱ्या एफएफएमपेगचा भाग वापरू शकतो किंवा एफएफटीडब्ल्यू जोडू शकतो. कोणा अनोळखी माणसाने बांधलेली डीएलएल आपण उचलली, तर तिच्यासोबत काय लागते हे आपल्याला कळायला मार्ग नाही. त्याऐवजी १९३ क्रमांक दिसला असता, तर ३२ बिटांच्या प्रणालीला ६४ बिटांची फाइल किंवा त्याच्या उलट दिल्याचा संशय मी आधी घेतला असता. अशा फुकट डीएलएल वाटणाऱ्या ठिकाणांवरची फाइल आधी काढून टाकावी, हे मात्र दोन्ही बाबतींत खरे. बांधणी कोणाची, त्यात भर कशाची घातली आहे, हे तेथे कोणी सांगत नाही.

सर्वांत सरळ वाट म्हणजे डीएलएलचा नाद सोडून ‘एफपीकॅल्क’ हा छोटा कार्यक्रम घेणे. अकूस्टआयडीच्या अधिकृत ठिकाणी तो तिन्ही प्रकारच्या संगणकांसाठी तयार मिळतो. क्रोमाप्रिंट आणि ध्वनिफाइल उलगडणारा एफएफएमपेगचा भाग, दोन्ही त्याच्यात असतात, त्यामुळे एमपी३ असो वा फ्लॅक, तो थेट कालावधी आणि ठसा छापतो. म्युझिकब्रेन्झ पिकार्ड ही नामकरणाची प्रसिद्ध प्रणाली लायब्ररीची फाइल न शोधता एफपीकॅल्कच वापरते. सेटिंगमध्ये त्याचा पत्ता दिला की झाले. आपल्या पुतण्याने पायथनमध्ये काही लिहिले असेल, तर पायअकूस्टआयडी ही पायथनसाठीची जोडणी आधी लायब्ररी शोधते आणि ती न मिळाल्यास एफपीकॅल्ककडे वळते. लिनक्सवर, विशेषतः डेबियन आणि उबुंटूवर, हे तीन पॅकेजांत विभागलेले आहे: चालवण्यासाठी लिबक्रोमाप्रिंट१, स्वतः प्रणाली बांधायची असेल तर नावापुढे ‘डेव्ह’ असलेले, आणि एफपीकॅल्क हवा असेल तर ‘टूल्स’ असलेले. पहिले बसवून एफपीकॅल्क का सापडत नाही असे विचारणारे मला दरवर्षी भेटतात. जुन्या प्रणालींपैकी एखादी ‘लिबओएफए’ मागत असेल, तर तिच्यामागे धावू नये. ती म्युझिकब्रेन्झच्या आधीच्या ठसापद्धतीची लायब्ररी आहे आणि तिच्यामागची सेवा कधीच बंद झाली.

आपण पेटीवादक आहात, त्यामुळे ठसा म्हणजे नेमके काय हे आपल्याला इतरांपेक्षा लवकर पटेल. क्रोमाप्रिंट प्रथम ध्वनी एका वाहिनीचा करते आणि सेकंदाला ११,०२५ नमुन्यांवर आणते. मग ४,०९६ नमुन्यांचा, म्हणजे साधारण ०.३७ सेकंदाचा, तुकडा घेऊन त्यातील कंपनसंख्या पाहते. पुढचा तुकडा दोन तृतीयांश भाग सामाईक ठेवून घेतला जातो, त्यामुळे सेकंदाला सुमारे ८ तुकडे पडतात. प्रत्येक तुकड्यातील ऊर्जा १२ कप्प्यांत वाटली जाते आणि हे १२ कप्पे म्हणजे पेटीच्या एका सप्तकातील ७ पांढऱ्या आणि ५ काळ्या पट्ट्याच होत. खर्जातला, मध्यातला आणि तारातला सा एकाच कप्प्यात पडतो. या १२ कप्प्यांच्या ओळी एकापुढे एक मांडल्या की काळ आणि स्वर यांचे एक चित्र तयार होते. त्या चित्रावरून सुमारे दोन-अडीच सेकंद रुंदीची खिडकी सरकवत १६ ठरावीक तुलना केल्या जातात: या भागात त्या भागापेक्षा ऊर्जा अधिक आहे का, किती. प्रत्येक तुलनेचे उत्तर २ बिटांत बसते आणि १६ उत्तरांचा मिळून ३२ बिटांचा एक आकडा होतो. एफपीकॅल्क सांगितल्याखेरीज फाइलची पहिली १२० सेकंदेच पाहतो, आणि त्यातून असे सुमारे ९५० आकडे निघतात. एवढाच तो ठसा. जागा जेमतेम ४ किलोबाइट. त्यातून गाणे पुन्हा वाजवता येत नाही, म्हणून ठसा कोणाला पाठवला तरी ध्वनिमुद्रण पाठवल्यासारखे होत नाही.

यावरून उघड होते की हा ठसा एका ध्वनिमुद्रणाचा आहे. चिजेचा, अभंगाचा किंवा रागाचा नाही. तोच अभंग त्याच बुवांनी पुढच्या वर्षी गायला, तर लय थोडी वेगळी, आलाप वेगळा, टाळांचा जोर वेगळा. ठसा वेगळाच येणार. केरीच्या केसरबाई केरकरांची ‘जात कहाँ हो’ ही भैरवी १९७७ मध्ये व्हॉयेजर यानाच्या सुवर्ण तबकडीवर गेली. त्या मुद्रणाची प्रत कोणत्याही तबकडीवरून घेतलेली असो, तिचा ठसा मूळ मुद्रणाच्या जवळ येईल. पण त्याच घराण्यातील कोणी आज तीच बंदिश घेऊन बसले, तर या पद्धतीच्या दृष्टीने त्या दोहोंचे काहीही नाते नाही. गुणगुणलेल्या चालीवरून किंवा दुसऱ्या गायकाच्या आवाजावरून रचना ओळखणाऱ्या पद्धती वेगळ्या आहेत आणि त्यांच्या कच्च्या मालाला ठसा म्हणत नाहीत.

आता ज्या अडचणीमुळे आपल्या कॅसेटी प्रसिद्ध ध्वनिमुद्रिकांच्या असूनही ओळखल्या जात नाहीत, तिच्याकडे जरा सविस्तर पाहू. ती अडचण वेगाची आहे. कॅसेटची फीत सेकंदाला ४.७६ सेंटिमीटर या वेगाने सरकायला हवी. परंतु घरगुती यंत्रात पट्टा सैल होतो, रबराचे चाक गुळगुळीत होते आणि दमट पावसाळ्यात बुरशी धरलेली फीत अडखळते. दोन-तीन टक्क्यांचा फरक अगदी सहज पडतो. कानाला तो फारसा जाणवत नाही, पण ठशाला दोन बाजूंनी मार बसतो. एक म्हणजे स्वर सरकतो. पेटीवर लगतच्या दोन पट्ट्यांमध्ये साधारण ६ टक्क्यांचे अंतर असते. फीत ६ टक्के जलद वाजली तर काळी एकचा गायक पांढरी दोनला जाऊन बसतो. ३ टक्के जलद वाजली तर तो दोन पट्ट्यांच्या मध्ये लटकतो, म्हणजे ऊर्जा दोन कप्प्यांत सांडते आणि १६ तुलनांपैकी पुष्कळांची उत्तरे बदलतात. दुसरा मार काळाचा. २ टक्के जलद वाजलेल्या फितीत १२० सेकंदांच्या अखेरीस सुमारे २.४ सेकंदांची तफावत पडते, म्हणजे आकड्यांची रांग जवळजवळ १९ घरे सरकलेली असते. सुरुवात जुळली तरी शेवट जुळत नाही.

यावर एक हुशारीचा उपाय सुचवला जातो. जुन्या मुद्रणात विजेची घरघर बहुधा उतरलेली असते; ती ५० हर्ट्झची असायला हवी, तेव्हा ती ५१ दिसली तर फीत २ टक्के जलद आहे असे समजून वेग सुधारावा. मी स्वतः काही काळ हेच करत होतो. आपल्या देशात मात्र ही मोजपट्टीच जुन्या काळी लवचिक होती. नव्वदच्या दशकापर्यंत विजेच्या जाळ्याची वारंवारता दिवसभरात ५० पासून बरीच वरखाली होत असे, म्हणजे घरघर ४९ हर्ट्झ दिसली तर दोष फितीचा की त्या संध्याकाळच्या विजेचा, हे सांगता येत नाही. शिवाय कॅसेट संगणकावर उतरवताना आपल्याच तारांतून शिरलेली आजची घरघर अचूक ५० वर बसलेली असते आणि तीच पाहून माणूस समाधान मानतो. टेपरेकॉर्डर सेलवर चालवला असेल तर घरघर मुळात नसतेच, पण दुसरी गंमत असते: रात्र सरते तसे सेल उतरतात, मोटर मंद होते, कमी फितीवर अधिक गाणे मावते आणि आज योग्य वेगाने वाजवल्यावर भैरवीपर्यंत सगळे मंडळ पाऊण पट्टी वर चढलेले ऐकू येते. अशा फितीला एकच सुधारणा पुरत नाही.

म्हणून मी आता मोजमाप सोडून चाचपणी करतो. ज्या फाइलचा शोध घ्यायचा आहे तिच्या, वेग ४ टक्के कमी ते ४ टक्के अधिक, अर्ध्या टक्क्याच्या पावलांनी १७ आवृत्त्या तयार करतो. सॉक्स या साधनातील ‘स्पीड’ हा परिणाम स्वर आणि काळ दोन्ही एकत्र बदलतो, तोच वापरावा. केवळ लय बदलणारा किंवा केवळ स्वर बदलणारा परिणाम येथे निरुपयोगी आहे. मग १७ ठसे काढून प्रत्येक ठसा ताडून पाहायचा. खरा वेग आपल्या जवळच्या पावलापासून पाव टक्क्याहून अधिक दूर नसतो, त्यामुळे १२० सेकंदांत तफावत दोन-तीन घरांची उरते आणि ती चालून जाते. सेल उतरलेल्या फितीसाठी २०-३० सेकंदांचे तुकडे पाडून प्रत्येकावर हीच चाचपणी करावी लागते; ते काम रात्री लावून झोपावे.

वेगाच्या आधी काही साध्या गोष्टी तपासाव्यात. ९० मिनिटांच्या कॅसेटची एक बाजू म्हणजे ४५ मिनिटांची एकच फाइल असेल, तर अकूस्टआयडीकडून उत्तर येणे शक्य नाही, कारण तेथे फाइलचा कालावधीही जवळपास जुळावा लागतो. आधी गाण्यागणिक तुकडे करावेत आणि आरंभीची शांतता व टाळ्या कापून टाकाव्यात. मैफिलीच्या फायलीत पहिले एक-दोन मिनिट तानपुरा आणि पेटीचा सूर लावणे असेल, तर तेवढाच भाग ठशात येतो आणि स्थिर सुरात तुलना करण्याजोगे फारसे काही नसल्यामुळे दोन भिन्न मैफिलींचे ठसे उगाच एकमेकांच्या जवळ येतात. ‘लेंग्थ’ या पर्यायाला ० दिल्यास एफपीकॅल्क संपूर्ण फाइल पाहतो. आपल्या संग्रहासाठी तोच पर्याय वापरावा. अकूस्टआयडीच्या सेवेला विचारणा करण्यासाठी प्रणालीच्या नावाची एक किल्ली लागते आणि सेकंदाला ३ पेक्षा अधिक विचारणा करू नयेत असा तिचा नियम आहे. ३,००० फायलींना त्या हिशेबाने १७ मिनिटे पुरतात, तेव्हा घाई करण्याचे कारण नाही. नाव ठाऊक नसलेल्या फायलींचे ठसे मात्र ‘ट्रॅक १’ या नावाने तेथे पाठवू नयेत. ती नोंदवही सर्वांची आहे.

आता त्या दुसऱ्या उपयोगाकडे. आपल्या ३,००० फायलींपैकी बऱ्याच एकमेकींच्या प्रती असणार, हे मी न पाहताही सांगतो. एका सप्ताहाची कॅसेट एकाने मुद्रित केली, दोघांनी तिची नक्कल केली, एकाने नकलेची नक्कल केली आणि चवथीच्या दिवसांत ती चौथ्याच घरी पोचली. यांपैकी एका प्रतीच्या वेष्टनावर बुवांचे नाव आणि वर्ष लिहिलेले असते, बाकीच्यांवर काही नसते. ठशांवरून या प्रती एकत्र आणता आल्या, तर एका वेष्टनावरचे नाव चार अनामिक फायलींना मिळते. बाहेरच्या कोणत्याही संग्रहाला हे करता येणार नाही, कारण ही मुद्रणे त्यांच्याकडे नाहीत.

त्यासाठी एफपीकॅल्कला ‘रॉ’ हा पर्याय देऊन ठसा साध्या आकड्यांच्या रूपात घ्यावा. दोन ठशांतील समोरासमोरचे आकडे घेऊन किती बिट वेगळे आहेत ते मोजावे. ज्यांचा एकमेकांशी संबंध नाही अशा मुद्रणांत ३२ पैकी साधारण १६ बिट वेगळे निघतात, म्हणजे नाणे फेकल्यासारखे. एकाच मुद्रणाच्या प्रतींत हा आकडा बराच खाली येतो. एक ठसा दुसऱ्यावर मागेपुढे सरकवत प्रत्येक स्थितीत ही मोजणी करावी आणि सर्वांत कमी आकडा धरावा. फिलिप्समधील हाइत्स्मा आणि काल्कर यांनी २००२ मध्ये मांडलेल्या पद्धतीत, जिच्यात आकडे ३२ बिटांचेच पण दर ११.६ मिलिसेकंदांना एक असे दाट असतात, ३५ टक्क्यांपेक्षा कमी बिट वेगळे असल्यास जुळणी मानली होती. तो आकडा क्रोमाप्रिंटला जसाच्या तसा लावू नये, कारण येथील आकडे विरळ आहेत आणि पेटी, टाळ, पखवाज यांचे सातत्य आपल्या बहुतेक सर्व फायलींत सारखे आहे.

एखाद्या लांब मैफिलीतील मधलाच १० सेकंदांचा तुकडा हाती असेल तर क्रोमाप्रिंट हे योग्य हत्यार नाही. तेथे शाझामच्या वंशातील पद्धत लागते. एव्हरी वांग यांनी ती २००३ मध्ये प्रसिद्ध केली: ध्वनिचित्रातील फक्त ठळक शिखरे घ्यायची, दोन-दोन शिखरांच्या जोड्या बांधायच्या आणि प्रत्येक जोडीतील दोन कंपनसंख्या व त्यांमधले कालांतर यांचा एक संकेत करून ठेवायचा. गोंगाटाला ती उत्तम पुरते, वेगातील फरकाला मात्र क्रोमाप्रिंटइतकीच हळवी आहे. वेग आणि स्वर सरकला तरी टिकावी म्हणून योरेन सिक्स आणि मार्क लेमन यांनी २०१४ मध्ये पनाको ही प्रणाली मांडली. कॅसेटींच्या संग्रहासाठी ती मला सर्वांत सोयीची वाटते, पण ती जावावर चालते आणि बसवायला थोडा धीर लागतो. पुतण्याला आवड असेल तर त्याने ती अवश्य पाहावी.

पहिल्या दिवशी ३,००० फायलींना हात लावू नये. एकमेकींच्या प्रती आहेत अशी आपली खात्री असलेल्या १० जोड्या आणि निश्चित वेगळ्या असलेल्या १० जोड्या काढाव्यात. वेगळ्या जोड्यांत तेच बुवा, तोच अभंग, पण निराळे वर्ष अशा निदान ४ तरी असाव्यात. त्या २० जोड्यांची मोजणी करून कागदावर मांडावी. प्रतींचे आकडे एका बाजूला आणि इतरांचे दुसऱ्या बाजूला पडले, तर त्यांच्या मधली जागा ही आपली मर्यादा. ते एकमेकांत मिसळले तर वेगाची चाचपणी राहून गेली आहे किंवा फायलींच्या आरंभी अजून सूर लावणे शिल्लक आहे. त्या २० जोड्यांच्या फायली मूळ डब्ल्यूएव्ही स्वरूपात मला पाठवल्या तर मी पाहून सांगेन.